चौतीस वर्षांनी, परवानगीने

दावा होता जेमतेम सव्वा मिनिटाच्या एका तुकड्यावरून. त्यात गाणं नाही, रॅपही नाही. फ्रेंच भाषा शिकवणाऱ्या कुठल्याशा जुन्या रेकॉर्डवरची माणसं शांतपणे काहीबाही बोलत राहतात आणि त्यांच्यामागे एक सुरावट मूळच्यापेक्षा संथ गतीने फिरत राहते. एवढंच. तुकड्याचं नाव 'ट्रान्समिटिंग लाइव्ह फ्रॉम मार्स'. सुरावट घेतली होती 'द टर्टल्स' या कॅलिफोर्नियातल्या बँडच्या १९६८ सालच्या 'यू शोड मी' या गाण्यातून. टर्टल्सचे दोन गायक, मार्क व्होलमन आणि हॉवर्ड केलन, कोर्टात गेले. वर्तमानपत्रांतून दाव्याचा आकडा आला १७ लाख डॉलरचा. प्रकरण कोर्टाबाहेर मिटलं, किती रकमेवर मिटलं ते अधिकृतपणे कधीच जाहीर झालं नाही.

ज्यांच्यावर दावा झाला ती पोरं विशीच्या आसपासची होती. गटाचं नाव डे ला सोल. अल्बमचं नाव 'थ्री फीट हाय अँड रायझिंग', साल १९८९. हिप-हॉपच्या इतिहासातल्या पहिल्या पाच-सात महत्त्वाच्या अल्बमांत त्याचं नाव घ्यावंच लागतं. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने जतन करण्याजोग्या ध्वनिमुद्रणांच्या राष्ट्रीय यादीत २०१० सालच्या निवडीत त्याला जागा दिली. आणि तरीही, फोनवर जगातलं जवळजवळ सगळं संगीत मिळू लागल्यावरही हा अल्बम तिथे नव्हता. राष्ट्राने जपून ठेवायचा म्हणून ठरवलेला आवाज राष्ट्रातल्या पोराला पैसे देऊनही फोनवर ऐकता येत नव्हता. तो रीतसर आला ३ मार्च २०२३ रोजी, प्रसिद्धीनंतर चौतीस वर्षांनी. सध्या मी तो पुन्हा ऐकतो आहे, या खेपेला कायद्याने.

आमच्या पिढीने तो ऐकला होताच. कुणाच्या तरी मावसभावाने अमेरिकेतून आणलेल्या सीडीवरून कुणीतरी एमपीथ्री केल्या, त्या हार्ड डिस्कवरून हार्ड डिस्कवर गेल्या. फायलींची नावं चुकीची, गाण्यांचा क्रम उलटसुलट, मधले दोन-तीन तुकडे गायब. आपल्याकडच्या दुकानात हे मिळण्याची शक्यता नव्हती आणि नंतर दुकानंच गेली. चोरीच्या वाटेने का होईना, अल्बम जिवंत राहिला तो अशा ऐकणाऱ्यांमुळे. हे मी गौरवाने सांगत नाही. पण कायद्याची वाट बंद असताना दुसरं काय होणार होतं?

न्यूयॉर्क शहराच्या पूर्वेला लाँग आयलंड नावाचं लांबोळकं बेट आहे. तिथल्या अॅमिटिव्हिल या उपनगरात केल्विन मर्सर, डेव्हिड जॉलिकर आणि व्हिन्सेंट मेसन एकाच हायस्कुलात होते. त्यांनी घेतलेली नावं पोस्डन्यूओस, ट्रुगॉय आणि मेसिओ. ट्रुगॉय म्हणजे 'योगर्ट' उलटं वाचलेलं, कारण डेव्हला दही आवडायचं. यावरूनच या मंडळींचा एकूण नूर कळावा. रॅप तेव्हा शहरातल्या गल्लीचा, ताकद दाखवणारा, गळ्यात सोन्याच्या जाड साखळ्या घालणारा होता. या तिघांकडे अंगण होतं, आई-वडिलांचा रेकॉर्ड संग्रह होता आणि भरपूर मोकळा वेळ होता. त्याच गावातला पॉल हस्टन, म्हणजे प्रिन्स पॉल, वयाने थोडासाच मोठा. 'स्टेट्सासॉनिक' या नावाजलेल्या गटाचा तो डीजे होता. त्याने पोरांचं कच्चं ध्वनिमुद्रण ऐकलं आणि तो निर्माता म्हणून सोबत आला. टॉमी बॉय या छोट्या कंपनीने करार केला. मॅनहॅटनमधल्या कॅलिओपी स्टुडिओत १९८८ मध्ये काम झालं.

या अल्बमात साठांहून अधिक जुन्या रेकॉर्डांचे तुकडे आहेत. सॅम्पल म्हणतात त्याला. रेकॉर्डवरचा दोन-चार सेकंदांचा आवाज यंत्रात पकडायचा, कापायचा, त्याची गती किंवा पट्टी बदलायची आणि पुन्हा पुन्हा वाजवायचा. त्या काळी गाजलेल्या एसपी-१२०० या यंत्रात एकूण दहाच सेकंद आवाज मावायचा. मग कारागीर मंडळी ३३ फेऱ्यांची रेकॉर्ड ४५ च्या वेगाने फिरवून आवाज आत घ्यायची आणि यंत्रात पुन्हा संथ करायची, म्हणजे तेवढ्याच जागेत जास्त मावतो. असं केल्याने आवाजाला जी किंचित खरखर यायची, तीच पुढे त्या काळाची ओळख झाली.

पण सॅम्पल सगळेच घेत होते. जेम्स ब्राउनच्या ढोलावर निम्मं रॅप उभं होतं. डे ला सोलने काय वेगळं केलं ते 'आय नो' या गाण्यात हेडफोन लावून ऐकावं. सुरुवातीपासून जे झुलत राहतं ते गिटार आणि ब्रास आहे मॅड लॅड्स या मेम्फिसच्या गटाच्या एका साध्या प्रेमगीतातलं. त्याखालचे ड्रम ली डॉर्सीच्या न्यू ऑर्लिन्समधल्या रेकॉर्डवरचे. मधूनच शीळ येते. ती ओटिस रेडिंगची, 'डॉक ऑफ द बे'च्या शेवटी तो घालतो ती. हे गाणं मुद्रित केल्यावर काही दिवसांतच तो विमान अपघातात गेला. आणि धृपदाला येतो स्टीली डॅनच्या 'पेग'मधला गोरा, गुळगुळीत, लॉस एंजेलिसच्या महागड्या स्टुडिओत घासून लख्ख केलेला आवाज. चार रेकॉर्ड, चार स्वभाव, वेगवेगळ्या पट्ट्या. त्या एकमेकींत बसवायला कान किती तयार लागतो! स्टीली डॅनच्या वॉल्टर बेकर आणि डॉनल्ड फेगनने ओटिस रेडिंगबरोबर कधी काम केलं नव्हतं. इथे हे सगळे जणू एकाच खोलीत बसलेत आणि कुणालाही अवघडल्यासारखं होत नाही.

आपल्याकडे कीर्तनकार हेच करतो. तुकोबांचा एक चरण, ज्ञानेश्वरीतली अर्धी ओवी, मोरोपंतांची आर्या, कालच्या पेपरातली बातमी आणि एक चावट गोष्ट, सगळं एका निरूपणात गुंफतो. समोरच्याला मूळ पाठ असतं म्हणूनच रंग चढतो. मोरोपंतांच्या वारसांची नोटीस यायची भीती नसते, हा एक फायदा.

अल्बमचं नावही असंच उसनं, जॉनी कॅशच्या पुरावरच्या एका गाण्यातलं. 'द मॅजिक नंबर' हे पहिलं गाणं उभं आहे ते मुलांना टीव्हीवरून गणित शिकवणाऱ्या 'स्कूलहाउस रॉक' मालिकेतल्या गाण्यावर. बॉब डोरो या जॅझ पियानोवाल्याने तीन या आकड्याचं कौतुक करायला ते रचलं होतं. तिघांच्या गटाने ते उचललं, हे ओघानेच आलं. 'मी मायसेल्फ अँड आय' फंकाडेलिकच्या १९७९ सालच्या नाचाच्या गाण्यावर आहे. 'से नो गो'मध्ये हॉल अँड ओट्स आहेत. 'पॉटहोल्स इन माय लॉन'मध्ये पार्लमेंटच्या गाण्यातलं, डोंगरातले गुराखी घालतात तसलं योडलिंग आहे. 'कूल ब्रीझ ऑन द रॉक्स' हा मिनिटभराहून लहान तुकडा तर 'रॉक' हा एकच शब्द कितीतरी रेकॉर्डांतून वेचून एकापुढे एक लावल्याने झाला. एका शब्दाला एक मालक. पुढे वकिलांचे डोळे कशाने पांढरे झाले असतील ते कळतं.

गाण्यांच्या मध्ये टीव्हीवरच्या प्रश्नमंजूषेचं सोंग आहे. निवेदक प्रश्न विचारतो, उत्तर देणं शक्यच नाही असे, आणि स्पर्धक गोंधळत राहतात. रॅप अल्बमात असे विनोदी प्रवेश घालायची रूढी इथून पडली. नंतर बहुतेकांनी ती कंटाळवाणी करून टाकली, हा डे ला सोलचा दोष नाही.

अल्बम गाजला. 'व्हिलेज व्हॉइस' साप्ताहिक दरवर्षी अमेरिकेतल्या समीक्षकांचा कौल घ्यायचं, त्यात १९८९ चा पहिला क्रमांक याला मिळाला. वेष्टनावर भडक पिवळ्या-गुलाबी रंगांतली फुलं होती, म्हणून लोकांनी या पोरांना रॅपमधले हिप्पी ठरवलं. त्यांना ते मुळीच रुचलं नाही.

आणि मग टर्टल्स. गटाचं म्हणणं असं की कुठून काय घेतलं त्याची यादी त्यांनी कंपनीला दिली होती. कंपनीने मोठ्या गाण्यांची परवानगी घेतली आणि किरकोळ तुकड्यांमागे धावायची गरज नाही असं ठरवलं. किरकोळ तुकड्यानेच दगा दिला. इथे टर्टल्सना खलनायक करायची पद्धत आहे, मला ती पटत नाही. त्या दोघांनी आपल्या जुन्या कंपनीशी झगडून स्वतःच्या ध्वनिमुद्रणांचे हक्क मिळवले होते. पुढे २०१३ मध्ये त्यांनी सिरियस एक्सएम या उपग्रह रेडिओ कंपनीलाही १९७२ पूर्वीच्या रेकॉर्डांच्या मोबदल्यासाठी कोर्टात खेचलं. आपल्या आवाजाचे पैसे मागण्यात गैर काय? गैर होती ती सगळ्या व्यवहारातली ढिलाई. काय विचारायचं, कुणाला विचारायचं, दर काय, कशाचाच नियम नव्हता.

नियम आला तो १९९१ च्या डिसेंबरात, आणि सोट्यासारखा आला. बिझ मार्की या न्यूयॉर्कच्या गमत्या रॅपरने गिल्बर्ट ओसलिव्हनच्या १९७२ च्या 'अलोन अगेन (नॅचरली)'चा तुकडा वापरला होता. परवानगी मागितली होती, मिळाली नव्हती. न्यायाधीश केव्हिन डफी यांनी निकालपत्राची सुरुवात केली तीच बायबलमधल्या चोरी न करण्याच्या आज्ञेने. विक्री थांबवलीच, वर फौजदारी कारवाईचा विचार व्हावा म्हणून प्रकरण सरकारी वकिलांकडे धाडलं. बिझ मार्कीने पुढच्या अल्बमचं नाव ठेवलं 'ऑल सॅम्पल्स क्लिअर्ड!'

गंमत अशी की त्याच अमेरिकेत दुसऱ्याचं आख्खं गाणं नव्याने गाऊन, वाजवून विकायला परवानगी लागत नाही. मूळ गाणं एकदा प्रसिद्ध झालं की ठरलेला सरकारी दर भरायचा आणि गायचं. २०२२ पर्यंत हा दर पाच मिनिटांपर्यंतच्या गाण्याला प्रतीमागे ९.१ सेंट होता. आपल्या कॉपीराइट कायद्यातही कलम ३१सी आहे. पाच वर्षं उलटल्यावर आगाऊ रॉयल्टी भरून नवी आवृत्ती करता येते. पण मूळ रेकॉर्डवरचे दोन सेकंद घ्यायचे तर दोन दारं ठोठवावी लागतात. एक दार रचनेच्या मालकाचं, दुसरं ध्वनिमुद्रणाच्या मालकाचं. 'यू शोड मी' रचलं होतं बर्ड्स या बँडच्या जीन क्लार्क आणि रॉजर मॅग्विनने, मुद्रण टर्टल्सचं. दोन्ही दारांवर दर मालकाच्या मनाचा, आणि तो नाही म्हणाला तर विषय संपला. २००५ मध्ये सिनसिनाटीच्या अपील कोर्टाने फंकाडेलिकच्या गिटारचे दोनेक सेकंद वापरल्याच्या खटल्यात सांगितलं की मुद्रणाचा कितीही छोटा तुकडा असो, परवाना घ्या नाहीतर हात लावू नका. २०१६ मध्ये मॅडोनाच्या 'व्होग'वरून कॅलिफोर्नियाच्या बाजूच्या अपील कोर्टाने नेमकं उलट म्हटलं. पाव सेकंदाहूनही छोट्या आवाजासाठी कुणाला जबाबदार धरता येणार नाही. एकाच देशात पूर्वेकडे एक न्याय आणि पश्चिमेकडे दुसरा.

परवानगी घ्यायला हवी याबद्दल माझं दुमत नाही. पण कायद्याने इथे चोरी थांबवली नाही, एक कारागिरीच थांबवली. ज्याच्याकडे पैसे, त्याने एकच मोठं, ओळखीचं सॅम्पल विकत घ्यावं आणि गाणंभर वाजवावं, असा प्रकार नव्वदच्या दशकाच्या मध्यापासून बोकाळला. साठ ठिकाणांहून चिमूट चिमूट घेणं परवडेनासं झालं. म्हणजे ज्याने कमी उचललं आणि जास्त घडवलं, तोच मेला.

या भानगडीत आपल्या लताबाईही येतात. २००२ मध्ये ट्रुथ हर्ट्स या गायिकेचं 'अॅडिक्टिव्ह' अमेरिकेच्या पहिल्या दहांत पोचलं. निर्माता डीजे क्विक, कंपनी डॉ. ड्रेची. गाण्याचा कणा होता 'ज्योती' या १९८१ च्या चित्रपटातलं 'थोडा रेशम लगता है', आवाज लता मंगेशकरांचा, संगीत बप्पी लाहिरींचं. दोन सेकंद नव्हे, जवळजवळ गाणंभर. नाव कुणाचंच नाही. आपल्याकडे त्याच चालीवर 'कलियों का चमन' निघालं आणि लग्नाच्या प्रत्येक वरातीत वाजलं, ते आठवत असेल. रेकॉर्ड कंपनी सारेगामाने अमेरिकेत दावा लावला. बप्पीदाही कोर्टात गेले, आणि २००३ मध्ये लॉस एंजेलिसच्या कोर्टाने त्यांचं नाव छापल्याशिवाय सीडी विकायला मनाई केली. आपल्याकडे मोठी बातमी झाली ती इथवरची. पुढचं फारसं कुणी छापलं नाही. निर्मात्याच्या पैशाने रचलेल्या चालीचे हक्क मुळात बप्पीदांकडे नव्हतेच असं निघालं, आणि फोल दावा वर्षानुवर्षं रेटला म्हणून त्यांच्या वकिलावरच भुर्दंड बसला. २०१० मध्ये अपील कोर्टाने तो कायम केला. चाल ज्याने रचली त्याची ती नाही, हे अमेरिकेने नव्हे, आपल्याच सुप्रीम कोर्टाने १९७७ मध्ये सांगून ठेवलं होतं. गीतकार-संगीतकारांच्या रॉयल्टीला कायद्याचं कुंपण मिळायला २०१२ ची दुरुस्ती यावी लागली. जावेद अख्तर राज्यसभेत त्यासाठी हिरिरीने बोलले होते.

म्हणजे एखादी गोष्ट कायदेशीर आहे एवढ्यावरून पैसा कुणाकडे जातो ते कळत नाही. डे ला सोलच्या बाबतीत हे २०१९ मध्ये उघड झालं.

मधल्या काळात अल्बम अडकला होता तो करारांतल्या शब्दांमुळे. १९८९ मध्ये काढलेल्या सॅम्पलच्या परवानग्यांत तबकडी आणि कॅसेट लिहिलेलं होतं. पुढे निघणाऱ्या सगळ्या माध्यमांसाठी, असं मोघम वाक्य नव्हतं. डाउनलोडचं युग येईल हे कुणाच्या डोक्यात असणार? त्यामुळे जुनी प्रत विकणं चालत होतं, फायल विकणं नाही. साठाहून अधिक सॅम्पलांच्या मालकांशी पुन्हा बोलायचं, तर वॉर्नरसारख्या मोठ्या कंपनीलाही, तेव्हा हक्क तिच्याकडे होते, तो खटाटोप नको वाटला. कंटाळून गटाने १४ फेब्रुवारी २०१४ रोजी, व्हॅलेंटाइन्स डेला, आपलं बरंचसं जुनं काम २५ तास फुकट वाटलं. स्वतःचंच संगीत असं वाटून टाकायचा हक्क त्यांच्याकडे होता का, या प्रश्नाकडे त्यांनी आणि सगळ्यांनीच डोळेझाक केली. पुढच्या वर्षी नव्या अल्बमसाठी त्यांनी चाहत्यांकडून वर्गणी काढली. १ लाख १० हजार डॉलर मागितले होते, ६ लाखांवर जमले. त्या पैशातून वादक बसवून दोनशेहून अधिक तास वाजवून घेतलं आणि त्यातूनच सॅम्पल काढले. परवानगी मागायची नाही तर स्वतःच रेकॉर्ड तयार करायच्या आणि स्वतःच कापायच्या. द्राविडी प्राणायाम, पण बिनचूक.

मग टॉमी बॉयने हक्क परत मिळवले आणि १ मार्च २०१९ रोजी सगळं स्ट्रीमिंगवर आणायचं ठरलं. आपल्याकडे स्पॉटिफाय त्याच आठवड्यात, फेब्रुवारीच्या अखेरीस सुरू झालं होतं. पण तारखेच्या आधीच गटाने इन्स्टाग्रामवर लिहिलं की मिळकतीतला ९० टक्के वाटा कंपनीचा आणि १० टक्के आपला, शिवाय २० लाख डॉलर कर्ज आपल्या नावावर दाखवलेलं आहे. आपली गाणी ऐकू नका असं कलाकारानेच सांगायचा प्रसंग विरळाच. नॅस, क्वेस्टलव्ह यांच्यासारखे संगीतकार पाठीशी उभे राहिले, जे-झीच्या टायडल या स्ट्रीमिंग सेवेने हात आखडता घेतला. कंपनीने बेत पुढे ढकलला. त्या मार्चमध्ये अल्बम आला असता तर तो पूर्ण कायदेशीर असता. माझ्या मते ऐकू नये असाही असता.

जून २०२१ मध्ये रिझर्व्हॉयर मीडिया या संगीत कंपनीने सुमारे १० कोटी डॉलरना टॉमी बॉय घेतली. तिने गटाशी नव्याने बोलणी केली, आणि अल्बम त्यांच्या स्वतःच्या ए.ओ.आय. या लेबलवरून काढायचं ठरलं. सॅम्पलच्या परवानग्या काढण्यात मुरलेल्या डेबरा मॅनिस-गार्डनर यांनी एकेक मालक गाठला. जिथे जमलं नाही तिथे तुकडा बदलावा किंवा नव्याने वाजवून घ्यावा लागला. १९८९ ची तबकडी आणि आजचा फोन यांत म्हणूनच तंतोतंत मेळ नाही. फरक शोधत बसण्याचा छंद असलेले लोक आहेत. मी त्यांतला नाही, पण त्यांची चिकाटी मला समजते.

१२ फेब्रुवारी २०२३ रोजी डेव्हिड जॉलिकर गेला. वय ५४. हृदयाचा आजार जुना होता. अल्बम यायला जेमतेम तीन आठवडे राहिले होते.

मग टॉमी बॉयच्या काळातले सहाही अल्बम एकाच दिवशी आले. ऐकायचे तर एक पथ्य पाळावं: शफल बंद ठेवावं. अॅपला प्रश्नमंजूषेचे तुकडे गाणी वाटतात, आणि 'आय नो'नंतर कुठलातरी पाऊण मिनिटाचा आरडाओरडा येऊन आदळतो. क्रमाने ऐकलं तर ६७ मिनिटांचा हा एकच कार्यक्रम आहे. गाण्याच्या नावावर बोट ठेवून श्रेयनामावली उघडली तर बेकर आणि फेगन, फंकाडेलिकचा जॉर्ज क्लिंटन, बॉब डोरो अशी नावं मर्सर, जॉलिकर, मेसनच्या शेजारी दिसतात. आमच्या हार्ड डिस्कवर ती नव्हती.

काही गोष्टी जुन्या झाल्या आहेत. एक-दोन गाणी मुलींबद्दल वाह्यात बोलतात, विनोदांपैकी निम्मे आता पोचत नाहीत. तिघांनी स्वतः 'मी मायसेल्फ अँड आय' गाण्याचा इतका वीट मानला होता की मंचावर ते त्याची उघड टर उडवायचे. 'से नो गो' मात्र मला पूर्वीपेक्षा जड वाटलं. व्यसनी आईच्या पोटी आलेल्या मुलाची गोष्ट हॉल अँड ओट्सच्या त्या हलक्याफुलक्या तालावर सांगायची, याला विशीतलं धाडस लागतं.

हा संपला की 'डे ला सोल इज डेड' लावावा, १९९१ चा. वेष्टनावर डेझीच्या फुलांची कुंडी फुटून पडलेली आहे. दावा, कंपनी, हिप्पी म्हणणारे लोक, सगळ्यांवरचा राग त्यात आहे, आणि तरी तो पहिल्यापेक्षा जास्त हसवतो. मला विचाराल तर अल्बम म्हणून तोच सरस, फक्त त्यातली अर्धी थट्टा पहिला ऐकल्याशिवाय कळत नाही.